रीळ उलटं बसलंय

"आणि हो, खलबत्ता पण पाठवा," असं सावित्रीबाई फोनवर म्हणाल्या, तेव्हा एकनाथराव बिरादारांनी यादी लिहायचं पेन खाली ठेवलं.

तोवर यादी ठीक चालली होती. लोकरीची शाल, दोन सुती साड्या, गुडघ्याला लावायचं तेल, वाचायचा जुना चष्मा. शाल मागणारं माणूस हिवाळ्यापुरतं राहतं, एवढं त्यांना कळत होतं. पण खलबत्ता मागणारं माणूस तिथं संसार मांडायला बसलेलं असतं.

"पल्लवीकडं मिक्सर नाही का?"

"आहे की. पण मिक्सरातली चटणी म्हणजे काय चटणी असते?"

यावर त्यांना बोलायचं बरंच होतं, पण तिकडं नात उठून रडायला लागली आणि फोन बंद झाला. दोन मिनिटं चाळीस सेकंद. फोन ठेवल्यावर हा आकडा बघायची एकनाथरावांना हल्ली सवय लागली होती.

सावित्रीबाई लेकीच्या बाळंतपणाला पुण्याला गेल्या, त्याला पाच महिने होऊन गेले होते. दीड महिन्यात येते म्हणून गेल्या होत्या. आधी बाळाचं वजन कमी भरलं. मग पल्लवीची रजा संपली. मग बाळाला सांभाळायला बाई मिळेना, आणि मिळाली ती टिकेना. यातलं एकही कारण खोटं नव्हतं, हीच अडचण होती. एकनाथरावांनी चौतीस वर्षं पाटबंधारे खात्यात नकाशे काढले होते. खऱ्या कारणाला खरं कारण जोडत गेलं की काम किती वर्षं लांबतं, हे त्यांच्याइतकं त्यांच्या जामबागेच्या मोहल्ल्यात दुसऱ्या कुणाला माहीत नव्हतं.

ते स्वतः तिकडं जाऊन राहिले नव्हते असं नाही. तिसऱ्या महिन्यात आठ दिवस गेले होते. दोन खोल्यांचं घर. जावई ओमकार बाहेरच्या खोलीत कानाला यंत्र लावून दिवसभर ऑफिसचं काम करायचा आणि त्याच्या मागं सासरे बसलेले साऱ्या ऑफिसला दिसायचे. म्हणून एकनाथराव जिन्यात जाऊन पेपर वाचायचे. आठव्या दिवशी, इकडं पाणी दिवसाआड येतं, भरायला कुणीतरी पाहिजे, असं म्हणून ते परत आले. बायकोला 'ये' म्हणायची रीत त्यांच्या घराण्यात नव्हती. 'कधी येणार' असं विचारायची होती, आणि ते पहिल्या तीन महिन्यांतच विचारून झालं होतं. आता रोज सकाळी फोन यायचा. जेवलात का, गोळी घेतली का, पाणी आलं का. हो, हो, आलं. की झालं.

यादी झाल्यावर ते सुलतान बाजारला मेव्हण्याकडं गेले. प्रमोदचं साड्यांचं दुकान होतं. त्यानं एक जाड पुठ्ठ्याचं खोकं दिलं आणि सांगितलं की भावजी, खलबत्ता जाणार असंल तर साधी टेप टिकायची नाही, चांगली रुंद टेप घ्या आणि ती लावायचं मशीन पण घ्या. ते त्यांनी अफझलगंजात घेतलं. लाल प्लास्टिकची मूठ, तिच्यावर टेपचं रीळ अडकवायचं चाक, पुढं एक रबरी रूळ, त्याच्याशेजारी पत्र्याची पट्टी आणि टोकाला करवतीसारखं दातेरी पातं. दुकानदारानं रीळ बसवून, टेप ओढून, कापून चार सेकंदांत दाखवलं. एकनाथरावांनी परत एकदा दाखवायला सांगितलं.

"गोंद की बाजू बाहर, बस," तो म्हणाला. "बच्चे बी कर लेते चच्चा." आणि रीळ काढून, मशीन पिशवीत घालून तो दुसऱ्या गिऱ्हाईकाकडं वळला.

घरी आल्यावर एकनाथरावांनी सामान खोक्यात रचलं. सगळ्यात खाली खलबत्ता, त्याच्याभोवती साड्या, वर शाल, तेलाची बाटली प्लास्टिकच्या पिशवीत. ते काम त्यांनी नकाशा काढावा तसं केलं. मग रीळ चाकावर चढवलं, टेपचं टोक रुळाखालून घेतलं आणि ओढलं. टेप आली नाही. जोर लावल्यावर आली, पण ती खोक्याकडं न येता रबरी रुळाला चिकटून त्याच्याभोवतीच गुंडाळत गेली. त्यांनी ती सोडवायला ओढली, तेव्हा ती उभी चिरली, अर्धी हातात आली आणि उरलेलं टोक रिळावर कुठंतरी गडप झालं.

पारदर्शक टेपचं हरवलेलं टोक शोधणं हे काम कसं असतं, ते ज्यानं केलंय त्यालाच ठाऊक. एकनाथरावांनी चष्मा पुसला, खिडकीशी उभं राहून रिळावरून नख फिरवलं. तीन वेळा टोक सापडल्यासारखं वाटलं आणि ती रेघ निघाली. चौथ्यांदा सापडलं. ते अंगठ्याला चिकटलं. अंगठा सोडवताना बाहीला चिकटलं. बाही सोडवायला त्यांनी हात टेबलावर टेकला, तिथं आजचा पेपर होता. एवढ्यात दाराची घंटा वाजली.

दारात खालच्या मजल्यावरच्या भाग्यलक्ष्मीबाई होत्या. गणिताच्या निवृत्त शिक्षिका. घरची भाषा तेलुगू, पण चाळीस वर्षं जामबागेतल्या मराठी शेजारात काढलेली, त्यामुळं मराठी चांगली यायची. त्या पाण्याच्या मोटरची किल्ली मागायला आल्या होत्या. एकनाथरावांनी उजव्या हातानं किल्ली दिली, तेव्हा कोपरापासून पेपराचं आख्खं पान लोंबत होतं. बाईंनी आधी त्या पानावरची बातमी वाचली, मग विचारलं, काय झालं.

एकनाथरावांनी मशीन दाखवलं. बाईंनी ते हातात घेऊन उलटसुलट बघितलं आणि परत दिलं.

"सावित्रीला व्हिडिओ लावा की," त्या म्हणाल्या. "तिला अशातलं कळतं."

एकनाथरावांनी घड्याळ बघितलं. दुपारचे दोन. एरवी या वेळेला त्यांनी कधी फोन केला नव्हता. केला, तर पहिल्याच घंटेला उचलला गेला. नात झोपली होती. सावित्रीबाई हळू आवाजात बोलत होत्या.

"काय झालं? बरं आहे ना सगळं?"

"टेपचं मशीन घेतलंय. चालत नाही."

"दाखवा बघू. जरा जवळ आणा. तुमचं तोंड नाही, मशीनचं."

असलं मशीन सावित्रीबाईंनीही जन्मात बघितलं नव्हतं. पण चाळीस वर्षं शिलाई मशीन चालवलेल्या बाईला दोऱ्याचं आणि रिळाचं वेगळं सांगावं लागत नाही. आता चाक फिरवा, आता टोक वर घ्या, असं नाही, तसं, असं त्यांनी सुरू केलं. टेप आधी मनगटाला लागली, मग फोनला लागली आणि मग मिशीला लागली, तेव्हा सावित्रीबाईंनी पदर तोंडात धरला. पोर उठेल म्हणून त्यांना आवाज न करता हसावं लागत होतं, त्यामुळं सगळा फोन हलत होता. त्यांचा हलणारा खांदा एकनाथराव बघत राहिले. मिशीची टेप सोडवायची त्यांनी घाई केली नाही.

मग फोन जरा बाजूला झाला तसा सावित्रीबाईंना मागचा पडदा दिसला, आणि तो कधी धुतला होता यावर बोलणं निघालं. तिथून कढीपत्त्याच्या कुंडीवर. फोन गॅलरीत गेला. कढीपत्त्याला नवी पानं आली होती, ती दाखवून झाली. तिथून स्वयंपाकघरात. हिंगाची डबी पाच महिने सापडत नव्हती, ती पुण्यातून बघून सावित्रीबाईंनी सांगितली, दुसऱ्या फळीवर, बेसनाच्या डब्यामागं, आणि ती तिथंच होती. नात कशी हसते, ओमकारला कुळथाचं पिठलं कसं आवडायला लागलंय, गुडघा जिना चढताना दुखतो की उतरताना, हे सगळं एकनाथरावांना त्या दिवशी कळलं. मशीन टेबलावर पडून होतं. मग नात उठली.

फोन बंद झाल्यावर त्यांनी आकडा बघितला. बावन्न मिनिटं.

ते खुशीत टेबलाकडं आले. रीळ काढलं, सहज फिरवून उलट्या बाजूनं बसवलं, टोक रूळ आणि पत्रा यांच्या फटीतून वर काढलं, चिकट बाजू बाहेर. ओढलं, तर खर्रर्र करून टेप सरळ बाहेर आली. मनगट खाली वाकवलं, तर कचकन तुटली. त्यांनी खोक्याची मधली फट बंद केली, मग दोन्ही कडा, खाली आणि वर. एक सुरकुती नाही. इतकं चांगलं काम हातून निवृत्तीनंतर झालं नव्हतं.

मग ते खुर्चीवर बसले आणि बंद खोक्याकडं बघत राहिले. खोकं बंद झालं म्हणजे कुरिअर येणार. कुरिअर आलं म्हणजे संपलं. उद्या सकाळी जेवलात का, गोळी घेतली का, पाणी आलं का.

ते उठले, स्वयंपाकघरातनं चाकू आणला आणि खोकं उघडलं.

दुसऱ्या दिवशी सावित्रीबाईंनी जमलं का म्हणून विचारलं. एकनाथराव बिरादारांनी सबंध नोकरीत एकही माप वाढवून लिहिलं नव्हतं. ते म्हणाले, "नाही. रीळ उलटं बसलंय वाटतं."

"मग दुपारी लावा फोन. पोर झोपली की."

त्या दुपारी एक्केचाळीस मिनिटं झाली. त्याच्या पुढच्या दुपारी पंचावन्न. एकनाथराव रोज नवा बिघाड शोधून काढत. कधी चाक घट्ट होतं, कधी पातं बोथट होतं, कधी टेपच खराब निघाली होती. फोन झाला की ते मशीन नीट बसवून खोकं बंद करून बघत, हात विसरू नये म्हणून, आणि परत उघडत. सावित्रीबाईही कंटाळल्या नाहीत. उलट त्या काय काय सुचवत. चौथ्या दिवशी म्हणाल्या, तुम्ही नकाशे काढायचे ना, मग मशीनचं चित्र काढून पाठवा, म्हणजे कुठं चुकतंय ते मला दिसेल.

एकनाथरावांनी दोन तास बसून चित्र काढलं. वरून, समोरून, बाजूनं, आणि मधून कापल्यावर आत कसं दिसेल ते. रूळ, पातं, पत्रा, टेपची वाट, सगळ्याला नावं, मापं मिलिमीटरमध्ये. चित्र पूर्ण झाल्यावर त्यांना धास्ती वाटली. ज्यानं हे चित्र काढलं त्याला हे मशीन चालवता येत नाही, असं शेंबडं पोरही मानणार नाही. पण दोन तासांची मेहनत फाडून टाकवेना. त्यांनी फोटो काढून पाठवला.

"चित्र छान आलंय," सावित्रीबाई म्हणाल्या. "पण तो टेपचा बाण उलटा पाहिजे बघा. चिकट बाजू रुळाला लागली पाहिजे."

हे साफ चूक होतं. चिकट बाजू रुळाला लागली की टेप गुंडाळली जाते, हे एकनाथरावांना पहिल्या दिवसापासून माहीत होतं. पण दुरुस्त कसं करणार? ते म्हणाले, बरं, तसं करून बघतो. त्यांनी तसं केलं. टेप रुळाला गुंडाळली गेली. ती सोडवण्यात दोघांची चव्वेचाळीस मिनिटं गेली.

या सगळ्यात एक गोष्ट त्यांच्या लक्षात आली नव्हती. ते चित्र पल्लवीनंही बघितलं होतं.

पल्लवीला बापाचा अभिमान होता. या माणसानं कालव्यांच्या दरवाजांचे नकाशे काढले होते, तिच्या लहानपणी तिची सायकल सगळी खोलून परत जोडली होती. आता त्याला सहा दिवसांत टेप लावता येत नव्हती, आणि त्यावर तो तासनतास मिलिमीटरमधली चित्रं काढत होता. तिनं ऑफिसात दोघा-तिघांना विचारलं. प्रत्येकाच्या घरी कुणी ना कुणी होतंच. आजोबा असेच सुरुवातीला बुटाची नाडी विसरले, मग घराचा पत्ता, मग माणसं. पल्लवीनं त्याच दिवशी मामाला फोन लावला.

नवव्या दिवशी दुपारी बारा वाजता प्रमोद आला. हातात मोसंबी होती. एकनाथरावांना वाटलं, सहज आला. पण प्रमोद खुर्चीवर न बसता त्यांच्या जवळ कॉटवर बसला आणि आजाऱ्याशी बोलावं तसं हळू बोलू लागला. मागोमाग भाग्यलक्ष्मीबाई डब्यात इडल्या घेऊन वर आल्या. त्यांनाही फोन गेला होता.

"भावजी," प्रमोद म्हणाला, "आज वार कोणता सांगा बरं."

"तू दुपारी बारा वाजता दुकान सोडून इथं बसलायस, म्हणजे रविवार असणार."

प्रमोदनं भाग्यलक्ष्मीबाईंकडं बघितलं. मग त्यानं खिशातनं कागद काढला. त्यावर पल्लवीनं पाठवलेले प्रश्न उतरवून घेतलेले होते. शंभरातून सात वजा करत जायचं. एकनाथराव त्र्याण्णव, शहाऐंशी, एकोणऐंशी करत न थांबता खाली आले आणि म्हणाले, उरले दोन. बरोबर की चूक ते प्रमोदला कळेना. त्यानं परत बाईंकडं बघितलं. बाईंनी बरोबर म्हणून मान हलवली.

"मग हे मशीन कामून जमत नाही तुम्हाला?" प्रमोदनं विचारलं.

एकनाथराव मोसंबं सोलू लागले. तेव्हा प्रमोदनं सगळं सांगितलं. उद्या अकराला मेंदूच्या डॉक्टरकडं नंबर लावलाय. काल पल्लवी फोनवर रडली. बाबांना एकटं ठेवून चूक केली म्हणत होती. त्यांना पुण्याला आणून जवळच्याच एखाद्या वृद्धाश्रमात ठेवायचं का, याची ओमकार चौकशी करतोय.

"आणि तुझी अक्का?" एकनाथरावांनी विचारलं.

"अक्का काही बोलत नाही. होतं असं, राहू द्या, मी शिकवते त्यांना, एवढंच म्हणती."

ती मनातलं दाबून बोलत असणार, असं एकनाथरावांना वाटलं. त्यांना स्वतःची लाज वाटली. रोजच्या तासाभराच्या बोलण्यासाठी आपण पोरीला रडवलं. ते उठले. टेबलावरचं मशीन घेतलं, रीळ फिरवून चाकावर बसवलं, टोक फटीतून ओढलं. आठ सेकंद लागले. मग खोक्याची झाकणं मिटली आणि खर्रर्र, कच, खर्रर्र, कच, असं करत मधली फट, दोन्ही कडा, खालची बाजू, एका दमात बंद केली.

प्रमोदचं तोंड उघडं राहिलं.

"मग नऊ दिवस काय करू लालते तुम्ही?"

"मशीन नवीन होतं," एकनाथराव म्हणाले.

प्रमोदला ते पटावं अशी त्यांची अपेक्षा नव्हती. पण त्याला दुकानात रोज तऱ्हेतऱ्हेची माणसं भेटत असत, त्यामुळं तो फार खोलात शिरत नसे. भाग्यलक्ष्मीबाई मात्र खोक्याजवळ वाकून उभ्या होत्या. नव्या टेपखाली जुनी टेप दिसत होती, सरळ, बिनसुरकुतीची, चाकूनं मधोमध कापलेली. तिच्याखाली आणखी एक. तिच्याखाली आणखी. गणिताच्या बाईंनी ते थर मोजले असावेत. त्यांनी एकनाथरावांकडं एकदा बघितलं, मग पायानं खोकं हळूच भिंतीकडं वळवलं, अशा बेतानं की ती बाजू प्रमोदला दिसू नये. आणि त्याला म्हणाल्या, इडली गार होते, खाऊन घ्या.

प्रमोदनं तिथल्या तिथं पल्लवीला व्हिडिओ लावला आणि बंद खोकं दाखवलं. पल्लवीनं एकनाथरावांना परत एकदा टेप लावून दाखवायला सांगितली. त्यांनी दाखवली. पल्लवी हसली, तिचे डोळे भरून आले. डॉक्टर नको, काही नको, ठरलं. मग फोन सावित्रीबाईंच्या हातात गेला.

"जमलं की," त्या म्हणाल्या.

"हो. जमलं."

"बरं झालं."

इकडं प्रमोद ऐकत उभा होता, म्हणून एकनाथरावांनी फोन त्याला परत दिला.

दुसऱ्या दिवशी कुरिअर आलं. पन्नाशीचा मजबूत माणूस, पण खोकं उचलताना त्याची कंबर थांबली. अंदर क्या है चच्चा, लोहा? एकनाथरावांनी खलबत्त्याला त्याच्या भाषेतलं नाव सांगितलं, हावनदस्ता. त्यानं पॅकिंगवर हात फिरवला आणि म्हणाला, टेप लई चांगली लावलीय, ऐसा दुकानवाले बी नहीं लगाते. एरवी असं कुणी म्हटलं असतं तर एकनाथराव दोन दिवस खूष राहिले असते. त्यांनी जिन्यावरून खाली जाणारं खोकं शेवटच्या पायरीपर्यंत बघितलं आणि आत आले. जिथं खोकं होतं तिथं फरशीवर एक चौकोन स्वच्छ राहिला होता. त्याच्याभोवतीची फरशी त्यांनी झाडून घेतली, म्हणजे तो चौकोन दिसेनासा झाला.

त्या दिवशीचा फोन दोन मिनिटं दहा सेकंदांचा. त्याच्या दुसऱ्या दिवशीचा एक मिनिट पन्नास. दुपारी ते फोन समोर ठेवून बसत. गॅसचा रेग्युलेटर बसत नाही, असं सांगता आलं असतं. मिक्सरचं भांडं लागत नाही, असंही सांगता आलं असतं. पण डॉक्टरकडं जाता जाता वाचलेल्या माणसाला तेवढी चैन करता येत नाही. आता एखादं झाकण उघडलं नाही तरी पल्लवी विमानानं येईल, अशी धास्ती होती.

चौथ्या दिवशी संध्याकाळी पल्लवीचा निरोप आला. पार्सल पोचलं, सगळं नीट आहे, थँक्यू बाबा. पुढं एक अंगठा. एकनाथरावांनी तो अंगठा बराच वेळ बघितला. सावित्रीबाईंच्या हातात शाल गेली असेल, तेल गेलं असेल. आता इथून काही मागायचं उरलं नव्हतं. चाळीस वर्षांच्या संसारातलं जे जे तिला लागत होतं ते एका खोक्यात मावलं, आणि जे मावलं नाही ते तिनं मागितलं नव्हतं, असा काहीसा विचार त्यांच्या मनात आला. त्यांनी कढीपत्त्याला पाणी घातलं आणि रात्री खिचडी केली. ती जरा खारट झाली.

पाचव्या दिवशी दुपारी दोन वाजता फोन वाजला. सावित्रीबाईंचा. व्हिडिओ नव्हता, नुसता आवाज.

"अहो, हे खोकं उघडत नाहीये," त्या म्हणाल्या.

एकनाथरावांना आधी कळलंच नाही. "कुठलं खोकं?"

"तुम्ही पाठवलेलं. किती टेप लावलीय. कुठून सुटतच नाही."

"चाकूनं काप की."

"चाकू नको. फाटंल ते. येताना सगळं ह्यातच घालून आणायचंय मला. खलबत्ता काय इथं ठेवून येऊ?"

एकनाथरावांनी फोन एका कानावरून दुसऱ्या कानावर घेतला.

"येताना म्हणजे?"

"म्हणजे काय? संक्रांतीच्या आत. पाळणाघरात जागा होतीय पुढच्या महिन्यात, ओमकारनं नाव घातलंय. सांगितलं नव्हतं का?"

"नाही."

"दोन मिनिटांत काय काय सांगू?" सावित्रीबाई म्हणाल्या. मग जरा थांबून, "आता सांगा. टेप कशी सोडवायची?"

"व्हिडिओ लाव ना. दिसेल तरी."

"नको. चार्जिंग कमी आहे. तुम्ही नुसतं तोंडानं सांगा."

एकनाथराव सांगायला सुरुवात करणार, एवढ्यात तिकडून लांबून, दुसऱ्या खोलीतनं, पल्लवीचा आवाज आला. "आई, ते रिकामं खोकं रद्दीवाल्याला देऊन टाकू का गं? कालपासून गॅलरीत जागा अडवून बसलंय."

"राहू दे गं, लागंल," सावित्रीबाई घाईनं म्हणाल्या.

खालच्या रस्त्यावरून एक रिक्षा गेली, तिचा आवाज दूर जाईपर्यंत दोघंही बोलले नाहीत.

"इकडं आवाज तुटत होता बघ," शेवटी एकनाथराव म्हणाले. "मधलं काही ऐकू आलं नाही. काय म्हणत होतीस?"

"खोकं उघडत नाही म्हटलं."

"हां." त्यांनी पायानं खुर्ची जवळ ओढली आणि नीट टेकून बसले. "मग घाई करू नकोस. आधी टेपचं टोक शोधावं लागतं. नखानं. चारी बाजूंनी हळूहळू बोट फिरव बघू."

"फिरवते," सावित्रीबाई म्हणाल्या.